पदवी मोठी, पण जाहिरातीत पदविका

मॅडम,

मी बारावीनंतर थेट स्थापत्य अभियांत्रिकीची पदवी घेतली. 71 टक्के आहेत. गेल्या वर्षी राज्य शासनाच्या एका विभागातल्या गट-क तांत्रिक पदासाठी अर्ज केला. जाहिरातीतली अर्हता अशी होती : 'स्थापत्य अभियांत्रिकीमधील तीन वर्षांची पदविका किंवा शासनाने तिच्याशी समतुल्य म्हणून घोषित केलेली अर्हता.' ऑनलाइन फॉर्मच्या अर्हतेच्या रकान्यात 'पदविका' हा एकच पर्याय होता. सायबर कॅफेवाला म्हणाला, "तेच टाका, नाहीतर फॉर्म पुढे सरकत नाही." मी तेच टाकलं, पण टक्केवारी पदवीची भरली आणि गुणपत्रकंही पदवीचीच अपलोड केली. निवड यादीत माझा 14 वा क्रमांक आला. कागदपत्र पडताळणीला टेबलावरच्या बाईंनी माझी फाइल दोनदा चाळली आणि विचारलं, "डिप्लोमा कुठाय?" 18 फेब्रुवारीला पत्र आलं : 'विहित अर्हता नाही, सबब अपात्र.'

पदवी पदविकेपेक्षा मोठी नाही का? त्याच भरतीत दुसऱ्या विभागीय कार्यालयाने माझ्यासारख्याच एका पदवीधराला नेमणूक दिली आहे, मग मलाच का नाही? वडील म्हणतात केस टाक. मामा म्हणतात, सरकारशी भांडून कुणाचं भलं झालंय? एक एजंट परराज्यातल्या संस्थेची मागच्या तारखेची पदविका 60 हजारांत मिळवून देतो म्हणतोय. काय करू?

ता. क. बहिणीच्या बी.एड.चा निकाल शिक्षक पदाच्या अर्जाची शेवटची तारीख उलटल्यावर नऊ दिवसांनी लागला. मुलाखत अजून व्हायची आहे. ती पात्र धरली जाईल का?

– एक अपात्र अभियंता

प्रिय अभियंता,

एजंटापासून सुरुवात करते, कारण बाकीच्या गोष्टींना वेळ आहे आणि याला नाही. त्याचा फोन घेणं आजपासून बंद करा. आत्ता तुमच्यापाशी एक वादग्रस्त पण स्वच्छ प्रकरण आहे. त्या 60 हजारांत तुम्ही फौजदारी गुन्हा विकत घ्याल आणि खरी पदवी असलेला माणूस खोट्या पदविकेपायी आयुष्यभर सरकारी नोकरीला मुकेल. शिवाय तुमच्या अर्जात पदविकेचं एकही गुणपत्रक नाही. आता अचानक मागच्या तारखेचं उगवलं, तर पडताळणीच्या टेबलावरच्या त्या बाईंना काय वाटेल ते तुम्हीच ठरवा. परराज्यातल्या दूरशिक्षणाच्या तांत्रिक पदव्यांचं काय झालं तेही ठाऊक असू द्या. 2017 मध्ये ओरिसा लिफ्ट इरिगेशन कॉर्पोरेशनच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चार अभिमत विद्यापीठांच्या दूरशिक्षणातल्या अभियांत्रिकी पदव्यांना हात घातला. 2001 ते 2005 या काळात प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या स्थगित करून त्यांना परीक्षेची संधी दिली, नंतरच्या तुकड्यांच्या पदव्या रद्दच केल्या. ती मुलं निदान खरोखर शिकली तरी होती. तुमचा एजंट नुसता कागद विकतोय.

आता मुख्य प्रश्न. पदवी पदविकेपेक्षा मोठी आहे का? घरात, लग्नाच्या बायोडाटात, चहाच्या टपरीवर आहे. नोकरभरतीच्या कायद्यात 'मोठी' हा शब्दच चालत नाही. तिथे विचारतात ते एवढंच : नियमात लिहिलेली अर्हता तुमच्याकडे आहे का, आणि नसेल तर तुमच्याकडे जे आहे ते चालेल असं नियमात कुठे म्हटलं आहे का? तुम्ही मला पदवीचे टक्के कळवलेत, यादीतला क्रमांक कळवलात, पण त्या पदाच्या सेवाप्रवेश नियमांबद्दल पत्रात अक्षर नाही. माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या नऊ पत्रांची हीच गत असते. जाहिरात मोबाइलमध्ये असते, नियम कुणी पाहिलेलेच नसतात. आणि दोन्हींत फरक निघाला तर नियम वरचढ ठरतात, जाहिरात नाही. तुमच्या जाहिरातीतला तो 'किंवा' नियमांतूनच उचललेला असणार. पण नियमांतला मजकूर तेवढाच आहे, की जाहिरात काढणाऱ्या लिपिकाने अर्धं वाक्य गाळलं आहे, हे मूळ कागद पाहिल्याशिवाय कळत नाही.

याच वादावरचे तीन निकाल सांगते. सगळ्यांचं उत्तर एकच नाही आणि का नाही त्यातच तुमच्या केसची किल्ली आहे.

पहिला, 2010 चा ज्योती के. के. विरुद्ध केरळ लोकसेवा आयोग. वीज मंडळातल्या सब-इंजिनिअर पदाला पदविका हवी होती आणि उमेदवार होते पदवीधर. सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पात्र ठरवलं. हा निकाल हल्ली प्रत्येक अपात्र पदवीधराच्या व्हॉट्सअॅपवर फिरत असतो. त्यासोबत जे फिरत नाही ते असं : केरळच्या सेवा नियमांतच तरतूद होती की विहित अर्हता जिच्यात गृहीत आहे अशी वरची अर्हता चालेल. त्या नियमामुळे पदवीधर तरले.

दुसरा, 2018 चा जहूर अहमद राथर. जम्मू-काश्मीरच्या वीज विभागातलं तंत्रज्ञ पद. अर्हता दहावी आणि आयटीआय, तर उमेदवारांकडे पदविका. त्यांनी ज्योतीचा निकाल पुढे केला. न्यायालय म्हणालं, तो केरळच्या नियमावर उभा होता, इथे तसा नियम नाही. मग वरच्या अर्हतेत खालची सामावलेली आहे असं आम्ही आमच्या मनाने धरणार नाही. या निकालातली आणखी एक गोष्ट पदवीधरांना बोचते, पण वाचावी अशी आहे. समाजाच्या सगळ्या थरांत नोकऱ्या पोचाव्यात म्हणून सरकार एखादं पद मुद्दाम कमी अर्हतेच्या माणसासाठी ठेवू शकतं. आयटीआय झालेल्या पोराच्या जागेवर पदविकाधारक बसला, पदविकावाल्याच्या जागेवर इंजिनिअर बसला, की खालचा माणूस जाणार कुठे? तुमच्या जागी आता ज्याचा नंबर लागेल त्याच्या घरीही एक वडील आणि एक मामा असतीलच.

तिसरा निकाल 2021 चा, पुनीत शर्मा विरुद्ध हिमाचल प्रदेश राज्य वीज मंडळ. तुमच्या सगळ्यात जवळचा हाच. कनिष्ठ अभियंता (विद्युत) पद, अर्हता पदविका, भांडण पदवीधरांचं. इथे पदवीधर जिंकले, आणि ते जिंकले ते पदवी मोठी आहे म्हणून नव्हे. न्यायालयाने वरच्या पदाचे, म्हणजे बढतीचे नियम उघडले. त्यांत कनिष्ठ अभियंत्यांपैकी जे पदवी घेऊनच सेवेत आले आहेत, त्यांच्यासाठी बढतीचा वेगळा हिस्सा ठेवलेला होता. पदवीधराला खालच्या पदावर येऊच द्यायचं नसतं, तर त्याच्या बढतीसाठी वेगळा हिस्सा कशाला ठेवला असता? एवढ्या साध्या तर्कावर केस फिरली.

म्हणून तुम्हाला पहिलं काम हे. तुम्ही अर्ज केलेल्या पदाचे सेवाप्रवेश नियम मिळवा आणि त्याच्या लगेच वरच्या पदाचेही मिळवा. ते राज्यघटनेच्या अनुच्छेद 309 खाली होतात, राजपत्रात छापले जातात. विभागाच्या संकेतस्थळावर सापडले नाहीत, तर माहिती अधिकारात अर्ज टाका : 10 रुपयांचं शुल्क, 30 दिवसांत उत्तर. त्याच अर्जात आणखी दोन गोष्टी मागा. या पदविकेशी समतुल्य म्हणून शासनाने कोणकोणत्या अर्हता घोषित केल्या आहेत त्यांचे शासन निर्णय, आणि याआधीच्या भरतीत याच पदावर पदवीधर नेमले गेले असतील तर त्यांची संख्या. 'मला अपात्र का केलं' असं मात्र विचारू नका. 'हा प्रश्न माहितीच्या व्याख्येत बसत नाही' असं एका ओळीचं उत्तर येतं. कागद मागा, कारण मागू नका.

तुमच्या जाहिरातीतलं वाक्य मी तीनदा वाचलं. 'किंवा समतुल्य' एवढंच असतं तर तुम्हाला बोलायला जरा जास्त जागा होती. पण तिथे 'शासनाने समतुल्य म्हणून घोषित केलेली' असं आहे. म्हणजे घोषणा हवी, कागद हवा. समतुल्यता भांडून सिद्ध होत नाही, ती दाखवावी लागते. आणि ती ठरवायला न्यायालय बसत नाही. आपल्याच राज्यातला 2019 चा निकाल आहे, महाराष्ट्र लोकसेवा आयोग विरुद्ध संदीप वराडे. औषध प्रशासनातल्या पदांसाठी विशिष्ट अनुभवाची अट होती आणि संशोधन प्रयोगशाळेतला अनुभव तिच्यात बसतो की नाही यावर वाद होता. उच्च न्यायालय उमेदवारांच्या बाजूने गेलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते फिरवलं : पदाला काय लागतं हे नेमणारा ठरवेल, आम्ही जाहिरात नव्याने लिहिणार नाही. तेव्हा घोषणेचा शासन निर्णय हाती लागला तर तुमची केस भक्कम. तो नाही, पण वरच्या पदाच्या नियमांत पदवीधरांचा उल्लेख आहे, तर केस लढण्याजोगी. दोन्ही नसेल तर मी तुमची फी घेणार नाही आणि दुसऱ्या कुणी घेतली तर विचारून घ्या की कोणत्या नियमावर.

दुसऱ्या कार्यालयाने पदवीधराला घेतलं, हा तुमचा लाडका मुद्दा दिसतोय. पत्रात त्याच्याखाली रेघ मारली आहे तुम्ही. दुर्दैवाने तो सगळ्यात लंगडा आहे. 'त्याला चुकून दिलं, मग मलाही चुकून द्या' हे समतेच्या अनुच्छेदात बसत नाही, आणि न्यायालयांनी हे इतक्या वेळा सांगितलंय की सरकारी वकील ते उभं राहताच म्हणतात. तुमच्या अर्जाने कदाचित त्या पोराचीच नोकरी जाईल आणि तुम्हाला काहीच मिळणार नाही. त्या नेमणुकीचा उपयोग एकाच पद्धतीने होतो. विभाग स्वतःच हा नियम कसा वाचत आला आहे, याचा पुरावा म्हणून. म्हणून मघाशी माहिती अधिकारात जुन्या भरतीची संख्या मागायला सांगितली. एक नेमणूक ही चूक ठरते. सलग तीन भरत्यांत पदवीधर घेतले असतील, तर तो विभागाचा स्वतःचा अर्थ ठरतो आणि आत्ताच तो का बदलला हे त्यांना सांगावं लागतं.

नियमाबाहेरच्या नेमणुकीकडे न्यायालय इतकं कडक का पाहतं, ते 1990 च्या विजयनगरमच्या एका खटल्यात नीट कळतं. शिक्षिकेच्या पदाला एम.ए. द्वितीय श्रेणी हवी होती, निवड झालेल्या बाईंची श्रेणी तृतीय. रुजू व्हायला गेल्या तेव्हा कागद तपासले गेले आणि त्यांना परत पाठवलं. न्यायालयाने म्हटलं, हा नेमणारा आणि नेमला गेलेला या दोघांपुरता मामला नाही. तेवढीच किंवा त्याहून चांगली अर्हता असलेले कितीतरी लोक जाहिरात वाचून 'आपण बसत नाही' म्हणून घरी राहिले, त्यांच्यावर हा अन्याय आहे. तुमच्या बाबतीतही असे पदवीधर असतील, ज्यांनी तो एकच पर्यायाचा रकाना पाहिला आणि फॉर्म बंद केला.

त्या रकान्याबद्दल. सरकारी वकील पहिल्याच तारखेला म्हणणार की उमेदवाराने पदविका असल्याचं खोटं लिहिलं. 2020 चा पंजाब नॅशनल बँकेचा निकाल ते खिशातच घेऊन येतील : शिपाई पदाला बारावी हवी आणि पदवीधर नको, अशी स्पष्ट अट होती, उमेदवाराने बी.ए. झाल्याचं दडवलं, नोकरी गेली आणि सर्वोच्च न्यायालयानेही वाचवली नाही. तुमची गोष्ट वेगळी आहे, कारण तुम्ही काही दडवलेलं नाही. पदवीचे टक्के, पदवीचीच गुणपत्रकं, सगळं त्यांच्याच सर्व्हरवर आहे. पण हे तुम्ही आधी सांगायचं, त्यांनी उकरून काढायच्या आधी. न्यायाधिकरणात जो अर्ज कराल (त्याला 'मूळ अर्ज' म्हणतात), त्याच्या दुसऱ्या-तिसऱ्या परिच्छेदातच लिहा की रकान्यात एकच पर्याय होता, म्हणून तो निवडला आणि माहिती पदवीची दिली. भरलेल्या फॉर्मची प्रत, शुल्काची पावती आणि मदत कक्षाला ईमेल पाठवला असेल तर तोही जोडा. पाठवला नसेल तर नाही. आता मागच्या तारखेचा तयार करू नका. (हसू नका, असे महाभाग असतात. ईमेलला तारीख आपोआप पडते हे त्यांना न्यायालयात कळतं.)

कुठे जायचं? तुमचं पद राज्य शासनाच्या विभागातलं आहे, म्हणून आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर, जे तुमच्या भागाला लागू असेल ते. थेट उच्च न्यायालयात गेलात तर 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालाचा दाखला देऊन परत मॅटला पाठवतील. मॅटविरुद्ध उच्च न्यायालय, हा क्रम. हेच पद जिल्हा परिषदेचं असतं, तर मॅटचा संबंध नव्हता, उच्च न्यायालयात रिट याचिकाच करावी लागली असती.

मुदत एक वर्ष. तुमचं अपात्रतेचं पत्र 18 फेब्रुवारीचं आहे, तेव्हा पुढच्या 17 फेब्रुवारीच्या आत मूळ अर्ज दाखल झालेला हवा; खरं तर त्याच्या कितीतरी आधी. एक निवेदन जरूर द्या. साध्या कागदावर, मुद्देसूद, एक पानाचं. कार्यालयात आवक करा आणि तुमच्या प्रतीवर गोल शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्या. एकच. माझ्याकडे एकदा एक गृहस्थ आले होते. त्यांच्या पिशवीत अकरा निवेदनांच्या पोचपावत्या होत्या, तारखेनुसार लावलेल्या, प्रत्येकाला वेगळी प्लास्टिकची पिशवी. सचिव, मंत्री, पुन्हा सचिव, आमदारांच्या पत्रासह मंत्री. प्रत्येक वेळी त्यांना सांगितलं गेलं होतं, 'फाइल वर गेली आहे.' चार वर्षं गेली. बाजू बऱ्यापैकी खरी होती, पण निवेदनं पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. 1989 पासून हा कायदा पक्का आहे. त्यांच्या केसमध्ये अर्हतेचा मुद्दा ऐकूनसुद्धा घेतला गेला नाही. जाताना त्यांनी ती पिशवी माझ्या टेबलावरच ठेवली, अजून कपाटात आहे.

वकिलाला दोन गोष्टी पहिल्या भेटीतच सांगा. एक, अंतरिम आदेशात निदान एक पद रिक्त ठेवायला सांगणारी विनंती करा. भरतीला सरसकट स्थगिती मागू नका. ती सहसा मिळत नाही आणि मागणाऱ्याबद्दल मत वाईट होतं. पद भरलं गेलं आणि प्रतीक्षा यादीची मुदत संपली, की जिंकूनही हातात कागदच उरतो. दोन, तुमच्या जागी ज्याची निवड झाली त्याला प्रतिवादी करा. पुष्कळांना हे नको वाटतं. 'त्या बिचाऱ्याने माझं काय केलंय?' म्हणतात. पण ज्याची नोकरी तुमच्या निकालाने जाऊ शकते त्याला न ऐकता निकाल देता येत नाही, 1984 च्या प्रबोध वर्माच्या निकालापासून हे ठरलेलं आहे, आणि तेवढ्यावरून अर्ज फेटाळले गेले आहेत.

तुम्ही परीक्षा दिली, मग आता तक्रार कशी, असंही विचारतील. जाहिरातीतली अटच अन्यायकारक आहे असं तुम्हाला म्हणायचं असेल, तर ते परीक्षेआधी म्हणायला हवं होतं. अटीवर हल्ला करू नका. अट मान्य आहे, ती लावताना नियम चुकीचा वाचला, एवढंच तुमचं म्हणणं ठेवा. चुकीच्या अर्थाविरुद्ध दाद मागायला परीक्षेत बसणं आड येत नाही, हे 2019 मध्ये मीता सहाय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलं आहे.

मामांना सांगा, भांडून भलं झालेले लोक मी पाहिले आहेत. वडिलांना सांगा, आधी 10 रुपयांचा अर्ज, मग केस. आणि तोवर पुढच्या जाहिराती सोडू नका. ज्या पदांना पदवी किंवा पदविका असं दोन्ही लिहिलेलं असतं तिथे अर्ज भरत राहा. केस चालू असताना दुसरी नोकरी घेतली तर दावा बुडतो, असा एक गैरसमज कोचिंग क्लासच्या कट्ट्यावर पसरलेला आहे. बुडत नाही.

बहिणीचं उत्तर छोटं आहे आणि तिला आवडणार नाही. अर्हता कोणत्या तारखेला हवी ते नियमांत लिहिलेलं असेल तर ती तारीख. नियमांत नसेल तर जाहिरातीतली. तिथेही नसेल तर अर्जाची शेवटची तारीख. मुलाखतीपर्यंत निकाल लागला तरी चालतो, असं 1993 मध्ये अशोक कुमार शर्मा प्रकरणात बहुमताने म्हटलं गेलं होतं. 1997 मध्ये त्याच प्रकरणाच्या फेरविचारात ते चूक ठरलं. 2013 मध्ये दिल्लीतल्या एका शिक्षकाचा बी.एड.चा निकाल शेवटच्या तारखेनंतर तीन महिन्यांनी लागला होता. नेमणूक होऊनही ती गेली. नऊ दिवस काय आणि तीन महिने काय, हिशेब तोच. निकाल आधी लागला असता आणि नुसतं प्रमाणपत्र उशिरा हाती आलं असतं, तर गोष्ट वेगळी होती. अर्हता असणं आणि तिचा कागद असणं यांत न्यायालय फरक करतं. म्हणून तिला विद्यापीठाचा निकाल जाहीर झाल्याची नेमकी तारीख बघायला सांगा. गुणपत्रकावर छापलेली नव्हे, निकाल जाहीर झाल्याच्या परिपत्रकावरची. कधी कधी नऊ दिवस तिथेच सापडतात. आणि जागा पहिली ते पाचवीच्या असतील तर तारखेचा प्रश्नच उरत नाही. 11 ऑगस्ट 2023 च्या देवेश शर्मा निकालानंतर बी.एड. ही त्या वर्गांसाठी पात्रता राहिलेली नाही. तिथे डी.एल.एड., म्हणजे प्राथमिक शिक्षणाची पदविका लागते.

नियमांची प्रत मिळाली की मला पाठवा. सगळी नको. अर्हतेचं पान, आणि वरच्या पदाच्या बढतीचं पान.